मराठी-गुजरातीची सरमिसळ वेगळी, संवादाची अडचण वेगळी

"घरात मराठी, शेजारी गुजराती, कार्टून हिंदीत, शाळा इंग्रजी. पोर गोंधळणार नाही तर काय!" बडोद्यात स्पीच थेरपिस्ट म्हणून काम सुरू केल्यापासून हे वाक्य मी दर आठवड्याला ऐकते. त्याच्या पाठोपाठ येणारा सल्लाही ठरलेला असतो: एकच भाषा ठेवा, मराठी बंद करा. शेजारीपाजारी तो देतात, शिक्षक देतात, कधी कधी डॉक्टरही देतात. मला या सल्ल्याचा मनापासून राग येतो, कारण त्यात दोन निराळ्या गोष्टींची गल्लत असते. एक म्हणजे भाषांची सरमिसळ. दुसरी म्हणजे ऑटिझममध्ये दिसणारी संवादाची अडचण. तिच्यात बऱ्याचदा शब्द असतात, व्याकरणही असतं, पण समोरच्या माणसाशी त्यांचा व्यवहार करणं जमत नाही. पहिलीला उपचार लागत नाहीत. दुसरीत लवकर मदत मिळणं फार मोलाचं असतं, आणि 'भाषांमुळे आहे, होईल नीट' या आशेवर घरच्यांची दोन-दोन वर्षं निघून जातात.

सरमिसळ म्हणजे काय हे बडोद्याच्या मराठी माणसाला सांगायला नको. माझ्या घरी भाजी चिरत नाहीत, समारतात. मुलं जे ऐकतात ते बोलतात, आणि शाळेत रुळेपर्यंत कुठला शब्द कुठल्या भाषेतला हे त्यांचं त्यांना कळायला लागतं. एवढंच लक्षात ठेवा की लहान मुलाचे शब्द मोजताना सगळ्या भाषांतले एकत्र मोजायचे. मराठीतले वीस आणि गुजरातीतले पंचवीस असतील, तर मुलाला 'फक्त वीस शब्द येतात' असं म्हणू नये.

आता एका दुपारची गोष्ट. माझ्याकडे लागोपाठ दोन मुलं आली.

पहिली तीन वर्षांची मुलगी. आजी काळजीत होत्या, की हिची एक भाषा धड नाही. मुलीची नजर वरच्या फळीवरच्या पिवळ्या चेंडूवर गेली. ती बोट करून मला म्हणाली, "मला पेलो बॉल जोईए." मी मुद्दाम न समजल्यासारखं केलं. तिने माझ्याकडे पाहिलं, चेंडूकडे पाहिलं, पुन्हा माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, "दडो!" मी गप्प. "चेंडू! पिवळा!" तरी मी गप्प, तशी ती उठली, माझी ओढणी धरून मला फळीपाशी घेऊन गेली आणि खाली बसलेल्या आजीकडे वळून बघितलं, म्हणजे ही बाई काय करतेय ते तूही बघ.

दुसरा मुलगा साडेपाच वर्षांचा. त्याचं मराठी स्वच्छ, एकही परका शब्द नाही. रामरक्षा पाठ, गाड्यांची वेळापत्रकं पाठ. घरच्यांना त्याच्या बुद्धीचं कौतुक होतं आणि ते रास्तच होतं. त्यालाही तोच चेंडू हवा होता. तो फळीकडे बघत म्हणाला, "तुला चेंडू हवा आहे का?" मी वाट पाहिली. तेच वाक्य, त्याच सुरात, पुन्हा. आणि पुन्हा. माझ्याकडे वळला नाही, बोट केलं नाही, शब्द बदलला नाही. पाचव्यांदा म्हणताना त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. मी चेंडू काढून दिला.

मिसळलेली भाषा बोलणाऱ्या मुलीला माझी काहीच गरज नव्हती. गरज होती ती शुद्ध बोलणाऱ्या मुलाला. भाषा किती येते आणि भाषा कशी वापरता येते, हे दोन स्वतंत्र प्रश्न आहेत. दुसऱ्या प्रश्नाच्या अभ्यासाला प्रॅग्मॅटिक्स म्हणतात. पालकांशी बोलताना मी 'भाषेचा व्यवहार' म्हणते.

हे आजकाल निघालेलं खूळ नाही. लिओ कॅनर या अमेरिकेतल्या बालमनोविकारतज्ज्ञांनी १९४३ साली ११ मुलांचं वर्णन केलं, तिथून ऑटिझमचा वैद्यकीय इतिहास धरतात. त्या ११ पैकी ८ मुलं बोलत होती, ३ बोलत नव्हती. बोलणाऱ्यांपैकी काहींना गाणी आणि नावांच्या याद्या तोंडपाठ होत्या, आणि ऐकलेली सर्वनामं ती जशीच्या तशी परत म्हणत, अगदी 'तुला चेंडू हवा आहे का' सारखी. कॅनर यांनी तेव्हाच नोंदवलं, की संवाद साधण्यापुरतं पाहिलं तर बोलणाऱ्या आठांत आणि न बोलणाऱ्या तिघांत मूलभूत फरक नाही. इतक्या वर्षांनंतरही "त्याला सगळं पाठ आहे, त्याला कसला ऑटिझम?" हा प्रश्न मला विचारला जातो. पाठांतर ही देणगी आहेच, पण पाठांतर म्हणजे संभाषण नाही. आणि कृपा करून अशा मुलाला 'पोपट' म्हणू नका. तो ऐकलेलं वाक्य उगाच घोकत नाही. चेंडू देताना आई नेमकं हेच वाक्य बोलते, म्हणून चेंडू मिळण्याचं वाक्य हेच, असा त्याचा सरळ हिशोब आहे. त्या वाक्याला प्रतिसाद द्या आणि सोबत त्याच्या बाजूचं वाक्य ऐकवा: "मला चेंडू दे."

मग ओळखायचं कसं? मी सगळ्यात आधी हे पाहते, की आपलं बोलणं समोरच्याला कळलं नाही तर मूल काय करतं. भाषा मिसळणारं मूल शब्द बदलतं, भाषा बदलतं, हातवारे करतं, चिडतं आणि तुमच्यावरच चिडतं. समोरच्याच्या डोक्यात गाडी अडलीय हे त्याला कळलेलं असतं. संवादाची अडचण असलेलं मूल बऱ्याचदा तेच वाक्य पुन्हा म्हणतं किंवा गप्प होतं.

दुसरं, ऐकणारा कोण आहे याची दखल. खंडेराव मार्केटात आजीशी मराठीत बोलता बोलता भाजीवाल्या मावशींकडे वळून गुजराती सुरू करणारी चार वर्षांची पोर पाहा. भाषा बदलण्याआधी समोरच्याला काय कळतं याचा अंदाज तिने घेतलेला असतो. भाषेच्या व्यवहारातली ही मोठी अवघड गोष्ट आहे आणि ती अशी दिसायला मुळात दोन भाषा लागतात! ज्या सरमिसळीला आपण दोष देतो, तीच कित्येकदा व्यवहार शाबूत असल्याचा पुरावा असते. उलट, युट्यूबवरचं इंग्रजी आजीशी, दूधवाल्याशी, शेजारच्या बाळाशी सारख्याच सुरात बोलणारं मूल दिसलं की मी कान टवकारते.

तिसरी खूण: भाषांचा गोंधळ असला तर तो एखाद्या भाषेत जास्त, एखादीत कमी दिसतो. व्यवहाराची अडचण सगळ्या भाषांत सारखी दिसते. 'आपण' आणि 'आम्ही' घ्या. "आम्ही बाजारात जातोय" म्हटलं की ऐकणारा घरी राहणार, "आपण जातोय" म्हटलं की त्यानेही चपला घालायच्या. गुजरातीत अगदी हाच भेद 'आपणे' आणि 'अमे' असा आहे. हिंदीत दोन्हीला 'हम'. केवळ हिंदीच्या प्रभावाने चुकणारं मूल आजूबाजूच्यांचं ऐकून सुधारतं. पण 'यात मी धरलोय का' हेच ज्याला समोरच्याच्या बोलण्यातून उमगत नाही, ते मराठीतही अडतं आणि गुजरातीतही.

निरोपाचं 'येते'ही तसंच. त्या साडेपाच वर्षांच्या मुलाची आजी दारातून म्हणाल्या, "बरंय, येते हं." तो म्हणाला, "तू जाते आहेस." त्याचं बरोबरच होतं. आपण निघताना 'जाते' म्हणत नाही, गुजराती माणूस 'आवजो' म्हणतो, आणि हे सगळं का, ते आपण मुलांना कधी सांगितलेलंच नसतं. बाकीची मुलं हवेतून उचलतात, याला सांगावं लागतं. "उकडतंय नाही?" म्हणजे पंखा लाव, "पुरे झालं का खेळून?" म्हणजे आता ऊठ, आणि पाहुण्यांचं पहिलं "नको नको" म्हणजे अजून एकदा विचारा. दिवसभरातलं आपलं अर्धं बोलणं असं आडून असतं. अशा मुलाला 'उद्धट' म्हणणाऱ्यांनी एकदा आपलं बोलणं मोजून पाहावं.

मूल बोलायच्या वयाचंच नसेल तर बोटाकडे पाहा. इथे पालकांची हमखास फसगत होते. "बोट दाखवतो की!" म्हणतात, आणि खरंच दाखवतो, पण मागण्यासाठी: बिस्कीट दे, नळ सोड. दुसरं बोट दाखवणं असतं ते निव्वळ दाखवण्यासाठी. कमाटीबागेत माकड दिसलं, मूल बोट करतं आणि वळून तुमचा चेहरा बघतं, तुम्ही पाहिलंत ना म्हणून. त्याला माकड नको असतं, त्या पाहण्यात तुम्ही हवे असता. दीड वर्षाच्या आसपास हे दुसरं बोट अजिबात दिसत नसेल, किंवा वर्षाचं झाल्यावरही नावाने हाक मारली की वळत नसेल, किंवा आलेले शब्द गेले असतील, तर थांबू नका. आधी श्रवण तपासणी, मग विकासाची तपासणी. "याचे बाबाही उशिरा बोलले" हे कारण मला सांगू नका.

बाकीचे फरक थोडक्यात. लाजाळू मूल अनोळखी लोकांत गप्प असतं, घरी धबधब्यासारखं बोलतं. बोबडेपणा उच्चाराचा आहे. मुलगा 'मी जाते' म्हणतो ते दिवसभर आई-आजीचं ऐकून. बहुतेक वेळा सुटतं. सर्वनामं तर अडीच-तीन वर्षांपर्यंत बरीच मुलं चुकतात. आणखी एक नाव कानावर येईल: सोशल कम्युनिकेशन डिसऑर्डर. अमेरिकेच्या डीएसएम-५ या निदानाच्या नियमावलीत ते २०१३ साली आलं. व्यवहाराची अडचण आहे, पण ऑटिझममध्ये असतात तशा ठरावीक आवडी, पुन्हा पुन्हा केल्या जाणाऱ्या हालचाली, आवाज-स्पर्शाचा त्रास हे काही नाही आणि पूर्वीही नव्हतं, तर ते नाव देतात. कागदपत्रांसाठी हा फरक महत्त्वाचा आहे, कारण २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत ऑटिझम आहे, सोशल कम्युनिकेशन डिसऑर्डर नाही. मुलाशी रोज कसं बोलायचं ते मात्र दोन्हीकडे बरंचसं सारखंच.

आणि मराठी बंद करण्याबद्दल. कॅनडात २०१२ साली ७५ ऑटिस्टिक मुलांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. ४५ दोन भाषांच्या घरांतली, ३० एका भाषेच्या. दोन भाषा कानावर पडल्याने मुलं आणखी मागे पडली असं दिसलं नाही. पुढच्या अभ्यासांतूनही तेच येत गेलं. मी जे पाहते ते साधं आहे. मराठी बंद केली की आजी गप्प होतात. आई मोडक्या इंग्रजीत 'कम, ईट, सिट' एवढंच बोलू लागते, गोष्ट सांगत नाही, लाडाने रागवत नाही. ज्या मुलाला माणसांशी बोलण्याचा सराव सगळ्यात जास्त हवा, त्याच्याभोवतीची बोलणारी माणसंच आपण कमी करतो.

'माझ्या डोळ्यांत बघून बोल' हा आग्रहही सोडा. पुष्कळ ऑटिस्टिक माणसं सांगतात, की डोळ्यांत बघितलं तर ऐकू येणं अवघड होतं. ऑटिस्टिक माणसं आणि बाकीचे यांच्यातल्या दरीला दोन बाजू असतात. डेमियन मिल्टन या ऑटिस्टिक अभ्यासकाने २०१२ साली हेच मांडलं: त्यांना आपण कळत नाही, तसे आपल्यालाही ते कळत नाहीत. २०२०च्या एका प्रयोगात माणसांच्या साखळ्या करून एकाने दुसऱ्याला गोष्ट सांगायची होती. नुसत्या ऑटिस्टिक माणसांची साखळी बाकीच्यांइतकीच नीट चालली. मजकूर जास्त गळला तो मिश्र साखळीत. म्हणून निम्मं काम मी घरच्यांना देते. आडून बोलू नका, "पंखा लाव" म्हणा. प्रश्न विचारून दहापर्यंत मनात मोजा. आडून बोललातच तर लगेच उलगडा: "आजी 'येते' म्हणाली, म्हणजे आत्ता जाणार आणि पुन्हा येणार."

त्या मुलाच्या घरी दारामागे आता एक कागद चिकटवलेला आहे, अशाच वाक्यांचा, एका बाजूला आपण म्हणतो ते, दुसऱ्या बाजूला म्हणजे काय ते. तो कागद त्याला वाचायला आवडतो. मागच्या महिन्यात आई म्हणाल्या, "रविवारी आपण कमाटीबागेत जाऊ." तो थांबला. गाडीच्या चाकाकडेच बघत त्याने विचारलं, "आपण म्हणजे मीपण?"

आईंनी तो प्रश्न मला रात्री दहा वाजता फोन करून सांगितला. मी फाईल उघडून तारखेसकट लिहून ठेवला.