जातीची नोंद (सातारा जिल्हा)

जातीची नोंद : शाळेच्या, महसुलाच्या किंवा जन्ममृत्यूच्या जुन्या दप्तरात माणसाच्या नावापुढे लिहिलेली जात. महाराष्ट्रात राखीव जागेचा लाभ घ्यायचा तर जातीचा दाखला लागतो, आणि दाखला काढायचा तर वाडवडिलांची अशी नोंद लागते. कायदा तिला ‘पुरावा’ म्हणतो. सातारा, कराड, विटा, तासगाव या पट्ट्यात लोक नुसते ‘नोंद’ म्हणतात; ‘तुमची नोंद निघाली का?’ असे कुणी विचारले तर नोंद कशाची, हे वेगळे सांगावे लागत नाही.

आरक्षणाची चर्चा बहुधा टक्क्यांभोवती फिरते. राज्यात अनुसूचित जातींना १३, अनुसूचित जमातींना ७, इतर मागासवर्गाला १९, विमुक्त जातींना ३, भटक्या जमातींच्या ब, क, ड गटांना अनुक्रमे २.५, ३.५ व २ आणि विशेष मागास प्रवर्गाला २ असे मिळून ५२ टक्के होतात. त्याखेरीज आर्थिक दुर्बल घटकांना १० आणि २०२४ च्या कायद्याने मराठा समाजाला १०. हा तक्ता मुंबईत ठरतो. सातारच्या एखाद्या घराच्या वाट्याला त्यातला कुठला रकाना येणार, हे मात्र तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षातली एखादी ओळ ठरवते. पुढील विवेचन त्या ओळीविषयी आहे.

दप्तरे आणि सरहद्दी

इंग्रजी अमलातला सातारा जिल्हा आजच्यापेक्षा बराच मोठा होता. तासगाव, वाळवा, खानापूर हे तालुके त्यातच होते. १९४८ मध्ये औंध, फलटण, सांगली, मिरज, जत ही संस्थाने विलीन झाली, १९४९ मध्ये उत्तर व दक्षिण सातारा असे दोन जिल्हे झाले आणि १९६० मध्ये दक्षिण साताऱ्याचे नाव सांगली पडले. नोंद शोधणाऱ्याला हा इतिहास पाठ असावा लागतो. आटपाडी किंवा कुंडलच्या माणसाचा पणजोबा औंध संस्थानची रयत होता. तासगावच्या माणसाचा पणजोबा थेट इंग्रजांची.

दप्तरांत सर्वाधिक मोल शाळेच्या प्रवेश-निर्गम रजिस्टराला आणि ‘गाव नमुना १४’ ला. हा नमुना म्हणजे गावातल्या जन्ममृत्यूंची वही. बोलीत कोतवाल बुक. जुनी पाने मोडीत असतात, त्यामुळे काही वर्षांपूर्वी हौशी मंडळींपुरती उरलेली मोडी आता वकिलाइतकीच गरजेची झाली आहे.

सातारच्या शाळेतील एक प्रवेश

या प्रकारची देशातली सर्वांत प्रसिद्ध नोंद साताऱ्यातच आहे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी सातारच्या सरकारी हायस्कुलात, म्हणजे आजच्या प्रतापसिंह हायस्कुलात, भिवा रामजी आंबेडकर या मुलाचे नाव दाखल झाले. पुढे संविधानाच्या मसुदा समितीचे अध्यक्ष झालेल्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा हा शाळाप्रवेश. राज्यात २०१७ पासून हा दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो.

त्याच सुमाराची एक आठवण त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे. वडिलांना भेटायला निघालेला भिवा आणि घरातली इतर मुले मसूर स्टेशनावर उतरली. कपडे नीटनेटके, त्यामुळे कुणाला शंका आली नाही. स्टेशनमास्तरांनी सहज चौकशी केली, मुलांनी महार असल्याचे सांगून टाकले आणि एकही बैलगाडीवाला यायला तयार होईना. अखेर दुप्पट भाडे आणि गाडी मुलांनीच हाकायची, या बोलीवर एक जण कबूल झाला. मसूरला जात ठरायला तोंडचा एक शब्द पुरला होता. आज त्याच अन्यायाची भरपाई मागायला आलेल्याकडून १० ऑगस्ट १९५० च्या आधीचा कागद मागितला जातो.

मानीव तारखा आणि पडताळणी

ही तारीख अनुसूचित जातींसाठी आहे. त्या दिवशी राष्ट्रपतींचा आदेश निघाला. अनुसूचित जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१, इतर मागासवर्ग व विशेष मागास प्रवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७. यांना मानीव दिनांक म्हणतात. कुटुंबाचे वास्तव्य आणि जात त्या दिवसाआधीच्या कागदावर दिसावी, हा नियम.

दाखला प्रांताधिकारी देतात. त्यावर काम भागत नाही. शिक्षण, नोकरी किंवा निवडणुकीसाठी तो जिल्हा जात प्रमाणपत्र पडताळणी समितीकडून वैध ठरवून घ्यावा लागतो. जमातींच्या दाव्यांसाठी समित्या वेगळ्या. या व्यवस्थेचे मूळ सर्वोच्च न्यायालयाच्या १९९४ च्या माधुरी पाटील निकालात आहे. शाळेच्या कागदांवर ‘हिंदू कोळी’ आणि दावा ‘महादेव कोळी’ जमातीचा, असे ते प्रकरण होते. राज्याचा त्यासंबंधीचा कायदा २००० चा. तो २००१ मध्ये अमलात आला.

लोकांच्या तोंडी हे सगळे ‘व्हॅलिडिटी’ या एका शब्दात मावते. बारावीचा निकाल लागला की जून-जुलैत ‘व्हॅलिडिटी अडकली’ हे वाक्य घरोघरी ऐकू येते. वडिलांकडच्या रक्ताच्या नात्यातल्या कुणाची व्हॅलिडिटी आधी झालेली असेल तर काम पुष्कळ सोपे होते. पण इथे भाऊबंदकी आडवी येते. बांधावरून पंधरा वर्षे बोलणे बंद असलेल्या चुलत्याकडे त्याच्या प्रमाणपत्राची झेरॉक्स मागायला जाणे, हा या भागातला राखीव जागेच्या प्रवासातला बहुधा सर्वांत अवघड टप्पा. शासनाच्या कुठल्याही परिपत्रकात त्याचा उल्लेख नाही.

कुणबी नोंद

गेल्या काही वर्षांत ‘नोंद’ म्हणजे कुणबी नोंद असाच अर्थ रूढ झाला आहे. कुणबी ही जात इतर मागासवर्गाच्या यादीत ८३ व्या क्रमांकावर आहे. १ जून २००४ च्या शासन निर्णयाने तिथेच मराठा-कुणबी आणि कुणबी-मराठा यांची भर पडली. नुसत्या ‘मराठा’ला त्या यादीत जागा नाही. पणजोबांपुढे ‘कुणबी’ लिहिले असेल तर पणतू १९ टक्क्यांत, ‘मराठा’ असेल तर बाहेर. जमीन तीच, सोयरिकी त्याच.

मग सातारच्या दप्तरात दोन्ही शब्द का सापडतात? १८८५ साली निघालेल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा सातारा खंड पाहिला तर शेतकरी वर्गात कुणबी हीच सर्वांत मोठी जात दिसते. पुढच्या चार-पाच दशकांत चित्र पालटले. कोल्हापूरचे वेदोक्त प्रकरण (शाहू महाराजांना वेदोक्त संस्कार नाकारल्याचा वाद), क्षत्रियत्वाचा अभिमान आणि ब्राह्मणेतर चळवळ यांच्या ओघात या भागातल्या असंख्य घरांनी शिरगणतीत व शाळेत ‘मराठा’ सांगायला सुरुवात केली. विदर्भात व कोकणात कुणबी हे नाव टिकले, इथे ते मागे पडले. त्या काळी ती वरची पायरी होती. शंभर वर्षांनी नातवंडांना त्याच पायरीवरून खाली उतरण्याचा कागद हवा असेल, हे त्या पिढीच्या मनातही आले नसणार.

जोतीराव फुले यांचे मूळ गाव खटाव तालुक्यातले कटगुण. ‘शेतकऱ्याचा असूड’ या पुस्तकात त्यांनी कुणबी, माळी व धनगर हे शेतकऱ्यांचेच तीन भेद मानले आहेत. आज कुणबी व माळी इतर मागासवर्गात, धनगर भटक्या जमाती ‘क’ मध्ये आणि मराठा तिसऱ्याच रकान्यात. फुल्यांनी एकत्र धरलेले कूळ तीन यादींत विखुरले आहे आणि गावकीच्या राजकारणातले ताण बऱ्याच अंशी याच वाटणीतून आले आहेत.

सप्टेंबर २०२३ मध्ये शासनाने कुणबी नोंदी शोधण्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली. तिचे काम आधी मराठवाड्यापुरते होते, मग ते राज्यभर झाले आणि सातारा-सांगलीतही दप्तरांची गाठोडी सुटली. मनोज जरांगे यांच्या मुंबईतल्या उपोषणानंतर २ सप्टेंबर २०२५ रोजी हैदराबाद गॅझेटियरसंबंधी शासन निर्णय निघाला. सातारा गॅझेटियरबाबत त्या दिवशी नुसते आश्वासन मिळाले.

‘सातारा गॅझेट’ हा शब्द तेव्हापासून सर्वतोमुखी झाला असला तरी त्यात एक घोटाळा आहे. गॅझेट म्हणजे राजपत्र, गॅझेटियर म्हणजे जिल्ह्याचा वर्णनकोश. १८८५ चा खंड हा दुसऱ्या प्रकारचा. त्यात जातवार डोकी मोजलेली आहेत, माणसांची नावे नाहीत. एखादा समाज त्या काळी कुठे गणला जाई हे त्यावरून सांगता येईल. अमुक वाडीतला तमुक पाटील कुणबी होता का, हे सांगता येणार नाही. त्यासाठी परत कोतवाल बुकाकडेच यावे लागते.

नोंदीविना काढलेल्या वाटा

जात सिद्ध न करता मागासलेपणा ओळखण्याचे प्रयोगही याच मुलखात आणि शेजारी झाले. २६ जुलै १९०२ चा शाहू महाराजांचा कोल्हापूर संस्थानातला हुकूम निम्म्या जागा मागासवर्गाला देतो. पण मागास कोण, याची यादी देत नाही. ब्राह्मण, प्रभू, शेणवी, पारशी व इतर पुढारलेले वर्ग सोडून बाकी सगळे, अशी त्याची व्याख्या. यादी पुढारलेल्यांची केल्यामुळे मराठा, माळी, महार एकाच पन्नास टक्क्यांत बसले. वेगवेगळे गट मुंबई इलाख्यात पुढे आले. स्टार्ट समितीने १९३० मध्ये दलित वर्ग, आदिवासी व डोंगरी जमाती आणि इतर मागासवर्ग अशी विभागणी केली. या समितीत डॉ. आंबेडकरही होते.

भाऊराव पाटलांनी १९१९ मध्ये कराडजवळच्या काले इथे रयत शिक्षण संस्था काढली आणि १९२४ मध्ये साताऱ्यात वसतिगृह सुरू केले. सगळ्या जातींची मुले एका पंगतीला बसत. १९२७ मध्ये गांधीजींच्या हस्ते त्याला छत्रपती शाहू बोर्डिंग हे नाव मिळाले. देवराष्ट्रेचे यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री असताना कमी उत्पन्नाच्या पालकांच्या मुलांना फीमाफी मिळाली. ही ईबीसी, म्हणजे आर्थिकदृष्ट्या मागासांची, सवलत. तिला जात नव्हे, उत्पन्नाचा दाखला लागे, आणि या भागातल्या शेतकऱ्यांची एक अख्खी पिढी तिच्यावर शिकली. पाटण तालुक्यातले माथाडी नेते अण्णासाहेब पाटील यांनीही २२ मार्च १९८२ रोजी मुंबईत काढलेल्या मोर्चात आर्थिक निकषाचाच आग्रह धरला होता. मागणी मान्य न झाल्याने दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःवर गोळी झाडून घेतली. त्यानंतरची मराठा आरक्षणाची मागणी सावकाश जातीच्या निकषाकडे वळली. २०१८ चा कायदा, उच्च न्यायालयाने खाली आणलेले १२ व १३ टक्के, ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द करणे आणि २०२४ चा नवा कायदा हा क्रम सर्वपरिचित आहे.

यादीच्या आतले भांडण

माण, खटाव, आटपाडी, जत या दुष्काळी पट्ट्यात धनगर समाज मोठा. त्याची तक्रार एका अक्षराची आहे. जमातींच्या यादीत ‘ओरान, धनगड’ असे छापले आहे. ‘ड’ चा ‘र’ वाचावा, धनगड आणि धनगर एकच, असा समाजाचा दावा. फेब्रुवारी २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो मान्य केला नाही.

वाळवा तालुक्यातले वाटेगाव हे अण्णाभाऊ साठ्यांचे गाव. १३ टक्क्यांतला वाटा मोठ्या जातीकडे जातो, म्हणून आतल्या आत अ-ब-क-ड करा, ही मातंग समाजाची जुनी मागणी. असे उपवर्गीकरण राज्यांना करता येते, हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १ ऑगस्ट २०२४ रोजी आला. तो अण्णाभाऊंचा जयंतीदिन. मातंग वस्त्यांत हा योगायोग आवर्जून सांगितला जातो.

निवडणुकीपुरते बोलायचे तर फलटण आणि मिरज हे विधानसभा मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव आहेत. पण गावात खरा रंग भरतो सरपंचपदाच्या सोडतीला. तहसीलदारांसमोर चिठ्ठ्या निघतात आणि संध्याकाळपर्यंत ‘आमचं गाव ओपन पडलं’, ‘तिकडं ओबीसी बाई पडली’ अशा बातम्या पसरतात. ओबीसी पडले की कुणाच्या घरात कुणबी नोंद निघाली आहे, याचा शोध त्याच रात्री सुरू होतो.

हेळवी

कृष्णाकाठच्या गावांत कर्नाटकाकडून हेळवी येतात. पूर्वी बैलावर बसून येत. घराची वंशावळ म्हणून दाखवायची, नवी नावे पोथीत चढवायची आणि धान्य, कपडालत्ता घेऊन पुढच्या गावाला जायचे, हा त्यांचा परंपरागत व्यवसाय. दाखल्याच्या अर्जाला वंशावळ जोडावी लागते, आणि कागद तुटलेला असेल तिथे आजही कुणी तरी म्हणते, ‘हेळव्याला विचारा.’

हेळवे स्वतः भटक्या जमातींच्या यादीत आहेत. पण २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वी त्यांची बिऱ्हाडे एका गावात फार टिकत नसत. शाळा नाही म्हणून दाखला नाही, जमीन नाही म्हणून सातबारा नाही, गाव नाही म्हणून कोतवाल बुकात नाव नाही. अशांसाठी अधिकाऱ्याने पालावर जाऊन गृहचौकशी करावी आणि दाखला द्यावा, अशी वाट शासनाने ठेवली आहे. ती चौकशी व्हायची तर त्या दिवशी बिऱ्हाड जागेवर असावे लागते.