समस्याकेंद्री पोलीसकार्य

घडलेल्या गुन्ह्याचा तपास करून न थांबता, तेच गुन्हे आणि त्याच तक्रारी त्याच जागी पुन्हा पुन्हा का उद्भवतात याचा शोध घेणारी आणि ते कारण हटवू पाहणारी पोलिसी कार्यपद्धती. ‘प्रॉब्लेम-ओरिएंटेड पोलिसिंग’ या नावाने ती जगभर ओळखली जाते. अमेरिकेतील विस्कॉन्सिन विद्यापीठात कायदा शिकवणारे हर्मन गोल्डस्टीन (१९३१–२०२०) यांनी १९७९ मध्ये एका लेखात ती प्रथम मांडली आणि १९९० मध्ये तिच्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. त्याआधी शिकागोच्या पोलीसप्रमुखांचे साहाय्यक म्हणून काम करताना त्यांनी पोलीस खाते आतून पाहिले होते. २०१८ मध्ये त्यांना गुन्हेशास्त्रातील स्टॉकहोम पारितोषिक मिळाले.

गोल्डस्टीन यांनी लेखाची सुरुवात पोलिसांपासून केलीच नाही. इंग्लंडमधील एका बससेवेबद्दल तक्रार होती की चालक थांब्यावरच्या रांगेकडे बघून हसतात, हात हलवतात आणि गाडी न थांबवता पुढे नेतात. त्यावर कंपनीचा खुलासा असा होता की प्रवासी घेत बसलो तर वेळापत्रक पाळता येणार नाही. (गोव्यातल्या खासगी मिनीबसमधून रोज जाणाऱ्याचा अनुभव नेमका उलटा; इथला कंडक्टर गच्च भरलेल्या गाडीतही ‘फुडें वच, फुडें’ करीत आणखी चौघांना आत घेतो.) पोलीस खात्यांचेही असेच झाले आहे, असे गोल्डस्टीन यांचे म्हणणे होते. माणसे किती, गाड्या किती, फोन आल्यावर किती मिनिटांत पोचलो, महिन्यात किती अटका केल्या, यांचा हिशेब चोख असतो. पण ज्या त्रासापायी लोकांनी फोन केला तो कमी झाला का, हे कुठल्याच रकान्यात नोंदले जात नाही.

हा विचार नेमका त्याच काळात रुजला, याला कारण आहे. गस्त वाढवली की गुन्हे घटतात ही समजूत १९७२–७३ मधील कॅन्सस सिटीच्या प्रयोगाने हलवली होती. तेथे काही भागांत गाडीवरची गस्त दुपटीहून अधिक केली, काही भागांत ती पूर्ण थांबवली, तर काही ठिकाणी होती तशी ठेवली. वर्षभरानंतर गुन्ह्यांत किंवा लोकांच्या भीतीत म्हणण्यासारखा फरक दिसला नाही. पुढे १९८९ मध्ये लॉरेन्स शर्मन आणि सहकाऱ्यांनी मिनियापोलिसमधील पोलिसांना आलेले मदतीचे फोन तपासले, तेव्हा निम्मे फोन शहरातल्या जेमतेम ३ टक्के पत्त्यांसाठी आल्याचे आढळले. म्हणजे गुन्हा सगळीकडे सारखा पसरलेला नसतो, त्याच्या ठरलेल्या जागा आणि ठरलेल्या वेळा असतात.

कार्यपद्धती : येथे कामाचे एकक ‘प्रकरण’ नसून ‘समस्या’ असते. एकाच प्रकारच्या, एकमेकींशी नाते असलेल्या आणि लोकांना जाच वाटणाऱ्या घटनांचा पुंजका म्हणजे समस्या. व्हर्जिनिया राज्यातील न्यूपोर्ट न्यूज शहरात १९८० च्या दशकात जॉन एक (Eck) आणि विल्यम स्पेलमन या संशोधकांनी पोलिसांबरोबर काम करून चार टप्पे बसवले : हेरणे, विश्लेषण, उपाय आणि पडताळा. तेथील जहाजबांधणी कारखान्याच्या वाहनतळांवर गाड्या फोडून चोऱ्या होत. पोलिसांनी जुन्या नोंदी चाळल्या, नकाशावर जागा मांडल्या आणि पकडलेल्या चोरांना तुम्ही गाडी कशी निवडता, असे सरळ विचारले. त्यातून मोजके तळ आणि मोजकी माणसे पुढे आली, आणि चोऱ्या निम्म्याहून अधिक घटल्या. त्याच शहरातील एका पडक्या गृहसंकुलात घरफोड्यांचे मूळ इमारतींच्या दुरवस्थेतच सापडले. मग पोलिसांना नगरपालिका, अग्निशमन दल आणि घरमालक यांना एका टेबलाशी बसवावे लागले.

चार टप्प्यांपैकी विश्लेषण हाच या पद्धतीचा गाभा आहे आणि प्रत्यक्षात सर्वाधिक टाळाटाळ त्याचीच होते. समस्या दिसली की नाकाबंदी किंवा जादा गस्त हा ठरलेला उपाय लगेच हाताशी असतो. गुन्हा घडायला गुन्हेगार आणि सावज यांची राखणदार नसलेल्या जागी गाठ पडावी लागते, हा लॉरेन्स कोहेन आणि मार्कस फेल्सन यांचा १९७९ चाच सिद्धांत येथे वापरला जातो. गुन्हेगाराला आवरणारे कोणी नसते, सावजाचा राखणदार गैरहजर असतो किंवा जागेची जबाबदारी घेणारा झोपलेला असतो, तेव्हा गुन्हा साधतो. यांतली एक बाजू सुधारली तरी बहुधा भागते आणि ती सुधारायला दरवेळी अटकच लागते असे नाही. इंग्लंडमधील बर्मिंगहॅमच्या बाजारांत बायकांच्या पिशव्यांतून पाकिटे मारली जात. तेथे दुकानांच्या रांगांमधली वाट रुंद केली, दिवे सुधारले आणि चोऱ्या खूपच कमी झाल्या. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात चवथीच्या (गणेशचतुर्थीच्या) आधी माटोळीचे, म्हणजे गणपतीच्या वर टांगायच्या फळाफुलांच्या सजावटीचे, सामान घ्यायला जो घुसला आहे, त्याला रुंद वाटेचे महत्त्व वेगळे सांगायला नको.

गोव्याच्या संदर्भात : या नावाची स्वतंत्र योजना आहे की नाही हे बाजूला ठेवून नुसते तक्रारींचे स्वरूप पाहिले, तरी हे राज्य या पद्धतीला सोयीचे आहे. प्रदेश लहान, गावे एकमेकांना ओळखणारी आणि त्रास हंगामी. ऑक्टोबरात शॅक (किनाऱ्यावरची हंगामी उपाहारगृहे) उभे राहू लागतात, डिसेंबरात कळंगुट-बागाकडचे रस्ते तुंबतात, पावसाळ्यात समुद्र खवळतो. पोलीस स्थानकात येणाऱ्या तक्रारीही या ऋतुचक्रानेच येतात.

देवळातील फंडपेटी फोडण्याचा प्रकार उदाहरणादाखल घेता येईल. वाड्यावरचे लहान देऊळ, रात्री आसपास कोणी नाही, कोयंडा जुना. सकाळी पुजाऱ्याला दार उघडे दिसते, पंचनामा होतो, श्वानपथक येते, ठसे घेतले जातात आणि वृत्तपत्रात चौकटीत बातमी येते. पुढची पेटी दुसऱ्या गावात फुटते आणि तिची फाइल वेगळी उघडते. समस्याकेंद्री पद्धतीने काम करणारा अधिकारी या सगळ्या फाइली एकत्र मांडेल. पेट्या जत्रेच्या आधी फुटल्या की नंतर? फोडली तेव्हा पेटी किती दिवस उघडलेली नव्हती? देऊळ रस्त्यालगत आहे की आत बागायतीत? कॅमेरा होता, तर त्याचे चित्रण साठवणारी पेटीही चोर घेऊन गेले का? उत्तरांतून असे निघू शकते की चोराला देवळापेक्षा पेटीतल्या साठलेल्या रकमेचे आकर्षण आहे. तसे असेल तर पेटी दर आठवड्याला महाजनांसमोर (देवस्थानाच्या परंपरागत सभासदांसमोर) उघडून रक्कम बँकेत भरणे आणि तसा फलक दारावर लावणे हा उपाय रात्रीच्या गस्तीपेक्षा स्वस्त आणि टिकाऊ ठरेल. तो करणे मात्र पोलिसांच्या हाती नाही. देवस्थान समिती, महाजन आणि देवस्थानांचा प्रशासक असलेला मामलेदार यांना त्यासाठी राजी करावे लागेल.

किनाऱ्यावरही हेच दिसते. हणजूण-वागातोर भागातल्या मोठ्या आवाजाच्या संगीताबद्दल रहिवासी वर्षानुवर्षे तक्रार करीत आले आहेत. २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर ध्वनिक्षेपकाला मनाई आहे. फोन येतो, गाडी जाते, आवाज उतरतो. गाडी परतली की पुन्हा चढतो. नोंदवहीत मात्र प्रत्येक वेळी ‘कारवाई केली’ असेच येते. आस्थापनाला परवाने देणारे पंचायत, अबकारी खाते आणि प्रदूषण नियंत्रण मंडळ वेगवेगळे आहेत, आणि खरी पकड परवान्याच्या नूतनीकरणात आहे. उघड्यावर दारू पिण्याबाबतही असेच. पर्यटनस्थळांविषयीच्या २००१ च्या कायद्यात २०१९ मध्ये दुरुस्ती होऊन त्यासाठी २,००० रुपये दंड ठरला. पण वाळूत फुटलेल्या बाटल्या कुठल्या दुकानातून येतात, तिथून किनाऱ्यापर्यंत कचऱ्याची पेटी आहे का, हे प्रश्न पावतीपुस्तकातून सुटत नाहीत. भाडेकरूंच्या पडताळणीत तर साधन आणि साध्य यांची गल्लत सहज होते : किती अर्ज भरून घेतले हा आकडा वर कळवला जातो, आणि त्यामुळे कुठला गुन्हा टळला हे विचारायचे राहून जाते.

कायद्याची अडचण फारशी नाही. १८६१ च्या पोलीस कायद्याच्या कलम २३ मध्ये गुन्हे आणि सार्वजनिक उपद्रव रोखणे हे पोलिसांचे कर्तव्यच म्हटले आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६८ दखलपात्र गुन्हा रोखण्यासाठी पोलिसांना हस्तक्षेप करू देते, आणि कलम १५२ नुसार उपद्रव हटवण्याचा आदेश कार्यकारी दंडाधिकारी देऊ शकतो. अडते ते मनुष्यबळापाशी आणि बदल्यांपाशी. नोव्हेंबरात इफ्फी हा चित्रपट महोत्सव, मग जुन्या गोव्याचे फेस्त, नाताळ, नववर्ष, कार्निव्हल, शिमगा. बंदोबस्तातून उसंत मिळेपर्यंत स्थानकाचा निरीक्षक बदललेला असतो. स्थानक अधिकाऱ्याला किमान २ वर्षे एका जागी ठेवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये प्रकाश सिंग खटल्यात सांगितले आहे. एका जागी निदान दोन पर्यटन हंगाम न पाहिलेल्या माणसाकडून त्या जागेचे विश्लेषण होणे कठीण.

आक्षेप आणि मर्यादा : सर्वांत जुना आक्षेप असा की गुन्हा मिटत नाही, फक्त शेजारी सरकतो. संशोधनात असे स्थलांतर गृहीत धरले जाते त्यापेक्षा कमी आढळते, आणि पुष्कळदा उपायाचा फायदा शेजारच्या भागालाही मिळतो. मात्र विश्लेषण न करता नुसती जागा उठवली तर काय होते याचे गोव्यातले उदाहरण वास्कोजवळच्या बायणा किनाऱ्याचे आहे. न्यायालयाच्या आदेशानंतर जून २००४ मध्ये तेथील वेश्यावस्ती पाडण्यात आली. हे काही समस्याकेंद्री पोलीसकार्य नव्हते. शेकडो कुटुंबे ऐन पावसाळ्यात उघड्यावर आली, आणि देहव्यापार राज्यात इतरत्र, नजरेआड विखुरला, असे या क्षेत्रात काम करणारे सांगत आले आहेत.

दुसरा आक्षेप गुणवत्तेचा आहे. परदेशातही अनेक प्रकल्प वरवरचे असतात, विश्लेषणाच्या नावाखाली एक आलेख जोडतात आणि उपाय म्हणून गस्तच वाढवतात, ही तक्रार खुद्द समर्थकांचीच आहे. तरीही ३४ अभ्यासांचा एकत्रित आढावा २०२० मध्ये प्रसिद्ध झाला तेव्हा ही पद्धत वापरलेल्या ठिकाणी गुन्हे आणि उपद्रव सरासरी सुमारे ३४ टक्क्यांनी घटल्याचे दिसले. यांतले बहुतेक अभ्यास अमेरिका-ब्रिटनमधले आहेत. ते आकडे जसेच्या तसे इथे लावता येत नाहीत.

गोव्यात पडताळ्याची एक वेगळी गोम आहे. डिसेंबरात उपाय योजला आणि जूनमध्ये तक्रारी घटल्या, तर श्रेय उपायाचे नसून पावसाचे असते. म्हणून तुलना मागच्या वर्षीच्या त्याच आठवड्यांशी करावी लागते. चवथ, ईस्टर आणि कार्निव्हल दरवर्षी तारखा बदलतात तेही जमेस धरावे लागते, आणि उपाय न केलेला तसाच एखादा गाव सोबत मोजावा लागतो. कळंगुटच्या शेजारी त्यासाठी कांदोळी घेता येईल. पण दोन्हीकडचे पर्यटक एकाच रस्त्याने येतात-जातात, त्यामुळे केपे किंवा सांगे या किनाऱ्यापासून दूरच्या तालुक्यांपेक्षा ती तुलना अधिक न्याय्य असली तरी एकाचा परिणाम दुसऱ्यात मिसळण्याचा धोका उरतोच.