तारामासा की ब्रिटल स्टार? हाताची खालची बाजू बघा

मोठ्या ओहोटीला हाजी अली किंवा कार्टर रोडच्या खडकांत उतरलात आणि दगडाखाली पाच बारीक हात वळवळताना दिसले, तर 'स्टारफिश!' म्हणण्याआधी जरा थांबा. तो बहुधा ब्रिटल स्टार असेल.

दोघंही मासे नाहीत. समुद्री साळिंदर आणि समुद्री काकडीप्रमाणे दोघं कंटकचर्मी (काटेरी कातडीच्या प्राण्यांच्या) संघातले, त्यामुळे गोड्या पाण्यात कधीच सापडायचे नाहीत. वर्ग मात्र वेगळे. तारामासे अ‍ॅस्टेरॉइडियात, सुमारे १९०० जाती. ब्रिटल स्टार ओफियुरॉइडियात, सुमारे २१०० जाती.

लांबूनही दिसणारी खूण म्हणजे हातांचा जोड. तारामाशाचे हात मुळाशी रुंद होत मधल्या भागात मिसळून जातात. ब्रिटल स्टारची तबकडी गोल आणि सुटी दिसते, तिच्यातून सापाच्या शेपटीसारखे हात निघतात.

तरी शंका राहिली तर हाताची खालची बाजू बघा. तारामाशाच्या प्रत्येक हाताखाली तोंडापासून टोकापर्यंत उघडी खाच असते, तिच्यात नलिकापादांच्या रांगा. समुद्राच्या पाण्याच्या दाबावर चालणाऱ्या या नळ्यांवर तो सावकाश सरकतो. ब्रिटल स्टारची खाच पट्टिकांनी झाकलेली असते. त्याच्या हातात मणक्यांसारखे चुनखडीचे सांधे असतात. ते वळवत तो वल्हवल्यासारखा भराभर निघून जातो.

पुस्तकांत आणखी दोन खुणा देतात: तारामाशाच्या नलिकापादांना चूषक (चिकटून धरणारी टोकं) असतात आणि त्याला गुदद्वार असतं, ब्रिटल स्टारला दोन्ही नसतं. यांवर मी विसंबणार नाही. भारताच्या किनाऱ्यावर वाळूत रुतून राहणारा अ‍ॅस्ट्रोपेक्टेन अस्सल तारामासा आहे, पण त्याचे नलिकापाद टोकदार, बिनचूषकाचे आणि गुदद्वारही नाही. पोट बाहेर काढून शिंपला खाण्याची तारामाशांची प्रसिद्ध रीतही त्याची नव्हे. तो भक्ष्य अख्खंच गिळतो. खाच मात्र त्याचीही उघडीच.

ब्रिटल स्टारला हाताने उचलू नका. घाबरला की तो हात तोडून टाकतो. हात पुन्हा उगवतो, पण त्यासाठी बराच वेळ आणि ताकद खर्ची पडते. दगड उचललात तर होता तसाच अलगद ठेवा, खाली इतरही जीव असतात.

नात्याचा प्रश्न अभ्यासकांनाही बराच काळ छळत होता. ब्रिटल स्टारची अळी तारामाशाच्या अळीसारखी दिसतच नाही, ती समुद्री साळिंदराच्या अळीसारखी असते. त्यामुळे त्याला साळिंदराचा जवळचा नातलग मानणारे बरेच होते. २०१४च्या सुमारास जनुकांचे मोठे संच तुलनेला आले, तेव्हा ब्रिटल स्टार तारामाशाच्याच शेजारी बसला. अळ्यांमधलं साम्य फसवं निघालं.