श्टोल्परश्टाइन

नाझी राजवटीने (१९३३–४५) ज्यांचा छळ केला, ज्यांना हद्दपार केले किंवा ठार मारले, अशा व्यक्ती स्वेच्छेने जेथे अखेरच्या राहत होत्या त्या घरांसमोर बसविले जाणारे स्मृतिदगड. काँक्रीटच्या लहान ठोकळ्याच्या माथ्यावर सुमारे १० सेंमी. लांब-रुंद पितळी पत्रा असतो. त्यावर बहुधा 'येथे राहत होते' या शब्दांखाली नाव, जन्मवर्ष, हद्दपारीचे साल आणि मृत्यूचे ठिकाण, एकेक अक्षर हाताने ठोकून, उमटविलेले असते.

ही कल्पना कलावंत गुंटर डेमनिग (जन्म १९४७) यांची. १९४० मध्ये जर्मनीतील कोलोनमधून हद्दपार झालेल्या सिंती व रोमा (युरोपात 'जिप्सी' म्हटल्या गेलेल्या समाजांतील) लोकांचा मार्ग त्यांनी १९९० साली रस्त्यावर रंगाने रेखाटला. त्या मार्गावर काम करताना एका वृद्ध स्त्रीने, असे लोक आपल्या वस्तीत कधी राहतच नव्हते, असे त्यांना ठामपणे सांगितल्याची आठवण ते देतात. पहिला दगड १६ डिसेंबर १९९२ रोजी कोलोनच्या नगरभवनासमोर बसविण्यात आला. १९९६ मध्ये बर्लिनच्या क्रॉइत्सबेर्ग भागात तर परवानगी न घेताच दगड बसले. मे २०२३ मध्ये न्यूर्नबेर्ग येथे एक लाखावा दगड बसविला गेला.

सरकारी स्मारकांहून ही प्रथा वेगळी ठरते ती त्यामागील श्रमांमुळे. दगडाचा खर्च रहिवासी, शाळेचे वर्ग किंवा नातलग उचलतात, आणि त्याआधी कोणीतरी अभिलेखागारात बसून जुने पत्ते व हद्दपारीच्या याद्या पडताळलेल्या असतात. आपण ज्या जिन्याने रोज चढतो त्याच जिन्यावरून एका कुटुंबाला खाली नेण्यात आले, हे अशा शोधात कळते. पुस्तकी इतिहासातून ते क्वचितच इतके जवळ येते. ९ नोव्हेंबर, म्हणजे १९३८ च्या ज्यूविरोधी हिंसाचाराच्या स्मृतिदिनी, अनेक ठिकाणी शेजारीपाजारी काळवंडलेले पितळ घासून लखलखीत करतात. मात्र हद्दपार कुटुंबांचे सामान लिलावात विकत घेणाऱ्या शेजाऱ्यांची नावे या दगडांवर नसतात. ही प्रथेची खरी मर्यादा म्हणावी लागेल.

म्यूनिकने सार्वजनिक पदपथांवर असे दगड बसविण्यास नकार दिला. मृतांची नावे पायाखाली येतात, हा तेथील ज्यू समाजाच्या अध्यक्षा शार्लोटे क्नोब्लोख यांचा आक्षेप. स्वतः त्या नाझी काळातून बचावलेल्या असल्याने त्याला विशेष वजन होते. दुसरीकडे, बळींचे काही वंशजच दगडांची मागणी करत होते. नगरपरिषदेने २०१५ मध्ये बंदी कायम ठेवली आणि २०१८ पासून तेथे भिंतींवर फलक व खांब उभारले जाऊ लागले. खाजगी जागेत मात्र दगड बसतातच.