पहिली सही म्हणजे लग्न नव्हे

गोव्यात पेडणे, सत्तरी, डिचोलीकडच्या घरांत अजून ऐकू येतं: "सही झाली, आता पोरगी त्यांची." ही समजूत चुकीची आहे, आणि तिची किंमत मुलीलाच मोजावी लागते.

गोव्यात नागरी नोंदणी कार्यालयातली पहिली सही हा फक्त लग्नाचा इरादा. त्यावर नोटीस लागते, कुणाची हरकत असल्यास मागवली जाते. मुदत संपल्यावर दोघांनी साक्षीदारांसह पुन्हा जाऊन दुसरी सही केली की कायद्याने लग्न होतं. मधल्या काळात सोयरीक मोडली तर घटस्फोट घ्यावा लागत नाही. मुलीला 'घटस्फोटित' म्हणणं निव्वळ अन्याय आहे.

याहून वाईट म्हणजे उलटा प्रकार. देवळात थाटात लग्न लागतं, जेवणावळी उठतात, दुसरी सही मात्र "मागाहून बघू" म्हणून राहते. वर्षांनी भांडण झालं की सासरचे विचारतात, "लग्नाचा दाखला कुठाय?" दाखलाच नसेल तर १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेनुसार, लग्नाआधी वेगळा करार केलेला नसताना, पत्नीला मिळणारा मालमत्तेतला निम्मा वाटा मागायचा कसा? तेव्हा मुलीच्या बापाने, भावाने मांडवाआधी दुसऱ्या सहीची तारीख विचारावी. त्यात मानापमान कसला?