अल्सरेटिव्ह कोलायटिसचा विमा क्लेम: निदानाचा कोड, पात्रता आणि कागदपत्रं

माझ्या धाकट्या बहिणीच्या पहिल्या ॲडमिशननंतर विमा कंपनीने क्लेमची फाइल परत पाठवली. डिस्चार्ज कार्डावर ‘ॲक्युट कोलायटिस’, बायोप्सीच्या रिपोर्टात ‘अल्सरेटिव्ह कोलायटिस’ (मोठ्या आतड्याला आतून दाह आणि जखमा होणारा, दीर्घकाळ चालणारा आजार) आणि रुग्णालयाने भरलेल्या फॉर्मवर के५२.९ हा कोड, म्हणजे ‘जंतुसंसर्गाशिवायचा, प्रकार न कळलेला आतड्याचा दाह’. आजार एकच, पण कागदावर त्याची रूपं तीन. बहीण तेव्हा दिवसातून दहा-बारा वेळा शौचाला जात होती, अंगात त्राण नव्हतं, आणि मी एका शब्दाच्या दुरुस्तीसाठी रुग्णालयाचे जिने चढत होतो. ही धावपळ बरीचशी टाळता येते, म्हणून सगळं नीट लिहून ठेवतो आहे.

कोड कुठे लागतो

आजारांचे हे कोड जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी या वर्गीकरणातले आहेत. त्याची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे आणि तिच्यात या आजाराचा कोड डीडी७१ आहे. आपल्याकडच्या क्लेम फॉर्मवर मात्र आयसीडी-१० चाच रकाना असतो. फॉर्मचा ‘अ’ भाग आपण भरायचा, ‘ब’ भाग रुग्णालय भरतं. मुख्य निदान, इतर निदानं आणि सोबतचे आजार यांचे कोड ‘ब’ भागात येतात. कॅशलेस असेल तर पूर्वमंजुरीच्या फॉर्मवरही संभाव्य निदान आणि त्याचा कोड लिहावा लागतो.

कोड टाकणारा माणूस पेशंटला तपासत नाही. डॉक्टरांनी कार्डावर जे लिहिलं असेल, तेच तो कोडात उतरवतो. म्हणून कोडावरून वाद घालण्याआधी निदानाचं वाक्य वाचा.

के५१ मधले प्रकार

अल्सरेटिव्ह कोलायटिसचा गट के५१. हा दाह सहसा गुदाशयापासून सुरू होतो आणि मध्ये जागा न सोडता वर सरकत जातो. तो कुठवर पोचला आहे, त्यावर पुढचा आकडा ठरतो. फक्त गुदाशयात असेल तर के५१.२. गुदाशय आणि त्याला लागून असलेलं सिग्मॉइड आतडं धरलं असेल तर के५१.३. डाव्या बाजूने प्लीहेजवळच्या वळणापर्यंत गेला असेल तर के५१.५. संपूर्ण मोठ्या आतड्यात असेल, म्हणजे डॉक्टर ज्याला पॅनकोलायटिस म्हणतात ते, तर के५१.०. दाहामुळे आलेल्या पॉलिपना, म्हणजे आतड्याच्या आतल्या बाजूला वाढलेल्या कोंबांना, के५१.४. यांत न बसणाऱ्या प्रकारांसाठी के५१.८, आणि प्रकार लिहिलेलाच नसेल तर के५१.९.

कोलनोस्कोपीच्या (दुर्बिणीने मोठं आतडं आतून पाहण्याच्या तपासणीच्या) रिपोर्टात ई१, ई२, ई३ अशी खूण दिसते. ई१ म्हणजे गुदाशयापुरता, ई२ म्हणजे डाव्या बाजूचा, ई३ म्हणजे त्या वळणाच्याही पुढे गेलेला. ही खूण डिस्चार्ज कार्डावर उतरली तर कोडवाल्याला के५१.९ वर थांबावं लागत नाही. के५१.९ चूक नाही, पण पुढे महागडी इंजेक्शनं लागली की आजार किती पसरला आहे, हा प्रश्न येतोच.

इंटरनेटवर के५१.०११ किंवा के५१.९० असे लांब कोड सापडतात. ते अमेरिकेतल्या आवृत्तीतले आहेत. तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून रक्तस्राव, अडथळा, गळू अशा गुंतागुंतींसाठी जादा आकडे जोडतात. अमेरिकेत राहणाऱ्या मराठी मंडळींच्या बिलावर तेच येतील. इथल्या फॉर्मवर ते उतरवू नका. रक्त जाऊन हिमोग्लोबिन घसरलं असेल तर इथे डी५०.० हा कोड वेगळा, जोडनिदान म्हणून लिहितात.

पात्रता: खरा अडथळा ‘कधीपासून’ हा शब्द

नव्या पॉलिसीत अपघात सोडून पहिले ३० दिवस क्लेम मिळत नाही. आधीपासूनच्या आजारासाठी प्रतीक्षाकाळ जास्तीत जास्त ३६ महिने. १ एप्रिल २०२४ च्या आधी तो ४८ महिने होता. आधीपासूनचा आजार म्हणजे पॉलिसी सुरू होण्यापूर्वीच्या ३६ महिन्यांत ज्याचं निदान झालं, किंवा ज्यासाठी डॉक्टरांचा सल्ला वा उपचार घेतला, असा आजार. सलग ६० महिने पॉलिसी चालू राहिली, तर फसवणूक सिद्ध झाल्याशिवाय माहिती दडवल्याच्या कारणावरून क्लेम नाकारता येत नाही.

पूर्वमंजुरीच्या फॉर्मवर ‘त्रासाचा कालावधी’ असा रकाना असतो. ॲडमिट करताना घाबरलेला नातेवाईक सांगून जातो, ‘पोट तर दोन वर्षांपासून बिघडतंच आहे हो.’ बाहेरचं खाऊन झालेले दोन दिवसांचे जुलाब आणि गेल्या सहा आठवड्यांतलं रक्त असा फरक तिथे कुणी करत नाही. ‘दोन वर्षं’ एवढंच लिहिलं जातं. म्हणून रक्त पहिल्यांदा केव्हा दिसलं, डॉक्टरांना पहिल्यांदा केव्हा दाखवलं, हे तारखेने सांगा. अनेकांचे सुरुवातीचे महिने मूळव्याधीच्या औषधांत जातात, ते कागदही जपून ठेवा. आणि जे खरं आहे तेच सांगा. तारीख पुढे ढकलून लिहायला डॉक्टरांना गळ घालणं ही फसवणूक आहे, आणि पुढचे सगळे क्लेम त्याने धोक्यात येतात.

या आजारावरचं इन्फ्लिक्सिमॅबसारखं महागडं औषध सलाईनमधून काही तासांत दिलं जातं, २४ तास ॲडमिट राहावं लागत नाही. असं मोनोक्लोनल अँटिबॉडीचं (प्रयोगशाळेत बनवलेल्या प्रतिपिंडांचं) इंजेक्शन विमा नियामकाच्या २०१९ च्या आधुनिक उपचारांच्या यादीत आहे. कंपनी त्यावर रकमेची मर्यादा घालू शकते, तेव्हा पॉलिसीतलं ते कलम आधी वाचा.

कागदपत्रं

सही केलेला ‘अ’ भाग, रुग्णालयाचा सही-शिक्क्याचा ‘ब’ भाग, डिस्चार्ज कार्ड, तपशीलवार बिल आणि पावत्या, चिठ्ठीसह औषधांची बिलं, ओळखपत्र, रद्द केलेला चेक हे नेहमीचं. या आजारासाठी त्यात कोलनोस्कोपीचा फोटोंसह रिपोर्ट, बायोप्सीचा रिपोर्ट, रक्ताचे आणि शौचाचे रिपोर्ट, आणि ज्या डॉक्टरांनी पहिल्यांदा तपासलं त्यांची चिठ्ठी घाला. शौचाचा रिपोर्ट विसरू नका. अमीबा किंवा इतर जंतुसंसर्ग नाही, हे त्यावरूनच दिसतं. मुदत पॉलिसीत दिलेली असते. सगळ्याची झेरॉक्स घरी ठेवा.

दुरुस्ती कशी करून घ्यायची

बायोप्सीचा रिपोर्ट बहुधा डिस्चार्जनंतर येतो, त्यामुळे कार्डावर ‘कोलायटिस, बायोप्सी प्रलंबित’ एवढंच राहतं. आमचं घोडं इथेच अडलं. रिपोर्ट हातात आल्यावर वैद्यकीय अधीक्षकांच्या नावे साधा अर्ज करा: पेशंटचं नाव, आयपीडी क्रमांक (भरती झालेल्या पेशंटचा नोंदणी क्रमांक), ॲडमिशनच्या तारखा, आणि ‘सोबत जोडलेल्या बायोप्सी रिपोर्टनुसार अंतिम निदानाची पुरवणी नोंद द्यावी’ ही विनंती. उपचार करणाऱ्या डॉक्टरांची तारखेसह सही हवी. जुन्या कार्डावर खाडाखोड करून घेऊ नका, वेगळी पुरवणी मागा. ‘ब’ भागातला कोडही त्याच वेळी बदलून घ्या. अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या: २००२ च्या वैद्यकीय नीतिनियमांप्रमाणे पेशंटने मागितलेल्या नोंदी ७२ तासांत द्यायच्या असतात.

एवढं करूनही क्लेम नाकारला तर कारण लेखी मागा आणि आधी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे जा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालाकडे, म्हणजे विम्याच्या तक्रारींचा निवाडा करणाऱ्या अधिकाऱ्याकडे, जाता येतं. महाराष्ट्रात त्यांची कार्यालयं मुंबई, ठाणे आणि पुण्यात आहेत. अर्ज एक वर्षाच्या आत करायचा. वकील लागत नाही.

बहिणीची पुरवणी नोंद अर्ज दिल्यावर चौथ्या दिवशी मिळाली: ‘अल्सरेटिव्ह कोलायटिस, डाव्या बाजूचा, ई२’. फॉर्मवर के५१.५ आला, आणि फाइल पुन्हा जमा झाली.