हर्डीकर, डॉ. नारायण सुब्बाराव

(७ मे १८८९–२६ ऑगस्ट १९७५). स्वातंत्र्यसैनिक, काँग्रेसच्या स्वयंसेवकांच्या संघटनेचे, हिंदुस्थानी सेवा दलाचे, संस्थापक, राज्यसभा सदस्य. जन्म धारवाडचा. वैद्यकीचे शिक्षण कलकत्त्यात झाले. पुढे अमेरिकेत, मिशिगन विद्यापीठात त्यांनी सार्वजनिक आरोग्याचा अभ्यास केला आणि लाला लजपत राय यांच्याबरोबर होमरूलच्या, म्हणजे भारताच्या स्वराज्याच्या, प्रचारातही पडले. १९२१ मध्ये परतले, पण पाटी लावून दवाखान्यात बसले नाहीत. हुबळीत तरुणांची संघटना उभी करू लागले. १९२३ च्या नागपूर झेंडा सत्याग्रहात त्यांच्या स्वयंसेवकांनी माफी लिहून द्यायचे साफ नाकारले. त्या ताठपणाचा बोलबाला झाला आणि त्याच वर्षअखेरीस काँग्रेसच्या काकीनाडा अधिवेशनात सेवा दलाची स्थापना झाली.

बेळगावकरांना हर्डीकर आठवावेत ते डिसेंबर १९२४ साठी. गांधीजींनी अध्यक्षपद भूषवलेले काँग्रेसचे एकमेव अधिवेशन टिळकवाडीत भरले. हुदलीचे गंगाधरराव देशपांडे त्याचे मुख्य संयोजक, तर स्वयंसेवकांची धुरा हर्डीकरांकडे. हजारो माणसे मोकळ्या माळावर राहायला आली की पाणी नासते, घाण साचते, पटकीची (कॉलऱ्याची) भीती असते. अशा ठिकाणी नुसता चांगला वक्ता काय कामाचा? आरोग्यशास्त्र शिकलेला माणूसच हवा होता, आणि तो मिळाला हे बेळगावचे भाग्य. पाण्यासाठी तेव्हा खोदलेली ‘काँग्रेस विहीर’ टिळकवाडीत आजही आहे. शिस्त म्हणजे केवळ कवायत नव्हे, झाडू आणि पाणीही त्यात येते, ही सेवा दलाची शिकवण होती. दलाच्या महिला विभागाची जबाबदारी उमाबाई कुंदापूर यांनी सांभाळली.

त्यांच्यातल्या डॉक्टरला घर मिळाले घटप्रभेत. मिरज–बेळगाव रेल्वेमार्गावरच्या या गावी डॉ. कोकटनूर यांनी १९२९ मध्ये कर्नाटक आरोग्यधाम सुरू केले होते. मोठ्या शहरापासून लांब, नदीकाठच्या मुलखात असा दवाखाना चालवणे हे त्या काळी धाडसच होते. या संस्थेच्या उभारणीत हर्डीकरांचाही वाटा आहे. सीमाभागाच्या आरोग्याचा इतिहास लिहिताना घटप्रभेला डावलता येणार नाही.

१९५२ ते १९६२ ते राज्यसभेत होते. १९५८ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. ते खासदार झाले तेव्हा बेळगाव आणि धारवाड हे जिल्हे मुंबई राज्यात होते. १९५६ मध्ये, त्यांच्या कारकिर्दीतच, हे जिल्हे म्हैसूर राज्यात (आजच्या कर्नाटकात) गेले.